वाटसरूचे शस्त्र

मराठीतील ‘गुप्ती’ हा शब्द आपण इतक्या सहजपणे वापरतो की त्यात दडलेला नैतिक निवाडा सहसा आपल्या ध्यानात येत नाही. तलवार, भाला, दांडपट्टा ही नावे शस्त्राची ओळख करून देतात आणि थांबतात. ‘गुप्ती’ हे नाव मात्र शस्त्राबरोबरच ते बाळगणाऱ्याच्या हेतूविषयीही काही सुचवते. वरून काठी, आतून पाते. काठी टेकीत निघालेला म्हातारा आणि अंधारात टपून बसलेला मारेकरी यांच्या हातांत बाहेरून एकच वस्तू दिसते. फरक असतो तो काठीच्या पोटात. समाजाला भय वाटते ते शस्त्राचे, की ते न दिसण्याचे, हा प्रश्न या एका शब्दात सामावलेला आहे.

याच गुप्तीचा उल्लेख अमेरिकेतील केंटकी राज्याच्या १८१३ सालच्या एका छोट्याशा कायद्यात येतो. खिशातले पिस्तूल, खंजीर, मोठा सुरा किंवा काठीतली तलवार जो कोणी अंगावर लपवून बाळगील त्याला किमान शंभर डॉलर दंड, असे त्या कायद्याने ठरवले. त्याच साली लुइझियानानेही असाच कायदा केला. लपवलेल्या शस्त्रावर बंदी घालणाऱ्या अमेरिकी राज्यांच्या कायद्यांचा आरंभ साधारणपणे येथून मानला जातो. परंतु केंटकीच्या त्या कायद्यात एक अपवाद होता, आणि प्रस्तुत लेखाचा विषय त्या अपवादातूनच उगवतो. जो प्रवासाला निघाला आहे, त्याला हा दंड लागू नव्हता. घरी असताना शस्त्र लपवणे हा गुन्हा. वाटेवर असताना ती गरज.

आज अमेरिकेत एक प्रश्न न्यायालयांपासून संसदेपर्यंत सतत विचारला जातो: एका राज्याने दिलेला, अंगावर शस्त्र लपवून बाळगण्याचा परवाना दुसऱ्या राज्यात चालतो का? या प्रश्नाचे एका शब्दातले उत्तर नाही. आपण ज्या राज्याच्या भूमीवर उभे असू, त्या राज्याचा कायदा काय म्हणतो यावर ते अवलंबून असते. पण दोनशे वर्षांपूर्वी ज्या वाटसरूला कायद्याने विशेष सवलत दिली होती, तोच वाटसरू आज कायद्याच्या कचाट्यात सर्वाधिक सापडतो, ही उलथापालथ कशी घडली? हा प्रश्न केवळ वकिलांचा नाही. ‘आपला’ कोण आणि ‘परका’ कोण, याविषयी एका समाजाने वेळोवेळी दिलेल्या उत्तरांचा तो इतिहास आहे.

एकोणिसाव्या शतकातील अमेरिकी न्यायाधीशांच्या लेखी उघड शस्त्र आणि लपवलेले शस्त्र यांत नीतीचा भेद होता. लुइझियानाच्या सर्वोच्च न्यायालयाने १८५० साली तो स्पष्टपणे मांडला. शस्त्र उघडपणे बाळगल्याने माणसे मर्दपणे आत्मसंरक्षण करतात. लपवून बाळगल्याने छुपा फायदा घेण्याची आणि दगा करण्याची वृत्ती बळावते, असा त्या निवाड्याचा आशय होता. सगळीच न्यायालये या मताची होती असे नाही. केंटकीच्याच वरिष्ठ न्यायालयाने १८२२ साली तो १८१३चा कायदा राज्यघटनेविरुद्ध ठरवून मोडीत काढला होता. त्यावर राज्याने १८५० साली नवी राज्यघटना करताना, लपवलेल्या शस्त्रांना आळा घालण्याचा अधिकार विधिमंडळाला स्पष्ट शब्दांत देऊन टाकला. आजची समजूत मात्र नेमकी उलटी आहे. आज बाजारपेठेत कमरेला उघडे पिस्तूल लावून फिरणारा माणूस पाहून लोक दचकतात, आणि सदऱ्याखाली झाकलेले शस्त्र हा सभ्यपणाचा भाग मानला जातो.

या सर्व कायद्यांमध्ये प्रवाशाचा अपवाद वारंवार भेटतो. आर्कन्सासमध्ये तो होता, टेक्सासमध्ये होता. कारण उघड आहे. गावात माणसाला शेजारी असतात, ओळखीपाळखी असतात. हाक मारली तर कोणी तरी धावून येते. ओळखीचे हे वर्तुळ ओलांडले की माणूस एकटा पडतो. म्हणूनच ‘प्रवासी कोणाला म्हणावे’ हा प्रश्न न्यायालयांपुढे आला तेव्हा आर्कन्सासच्या न्यायालयाने मैलांचा हिशेब न मांडता, तो आपल्या मित्र-परिचितांच्या वर्तुळाबाहेर पडला होता काय, अशी कसोटी लावली. टेक्सासात तर हा वाद एकविसाव्या शतकापर्यंत चालू राहिला. गाडीतून जाणाऱ्या कोणत्या माणसाला प्रवासी मानून चालावे हे ठरवण्यासाठी तेथील विधिमंडळाला २००५ साली स्वतंत्र कायदा करावा लागला.

मात्र या अपवादातला वाटसरू कोण होता, हे विसरून चालणार नाही. तो गोरा होता. शस्त्रासाठी ‘परवाना’ ही कल्पनाही अमेरिकेत प्रथम ज्यांच्या वाट्याला आली त्यांत गुलामगिरीतून मुक्त असलेले कृष्णवर्णीय लोक होते. व्हर्जिनियाने १८०६ साली असा नियम केला की मुक्त कृष्णवर्णीयाने बंदूक ठेवायची किंवा बाळगायची तर स्थानिक न्यायालयाचा परवाना हवा. म्हणजे एकाला वाटेवर निघताच नियमातून सूट, आणि दुसऱ्याला स्वतःच्या घरातही परवानगीची अट.

राज्याची सीमा आणि शस्त्र या दोन गोष्टी एकाच वाक्यात जोडणारा, आणि म्हणूनच आपल्या विषयाच्या दृष्टीने कळीचा ठरणारा दस्तऐवज १८५७ सालचा आहे: ड्रेड स्कॉट खटल्याचा निकाल. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाच्या इतिहासातील हे सर्वांत लाजिरवाणे पान. कृष्णवर्णीय माणूस संघराज्याचा नागरिक होऊच शकत नाही, असे सरन्यायाधीश रॉजर टॉनी यांनी त्यात लिहिले. का होऊ शकत नाही? तर त्याला नागरिक मानले की काय काय घडेल याची एक यादीच त्यांनी वाचकांपुढे ठेवली. तो वाटेल तेव्हा दुसऱ्या कोणत्याही राज्यात प्रवेश करू शकेल. परवाना वा दाखला न घेता तेथे हिंडू शकेल. सभांमधून बोलू शकेल. आणि जेथे जाईल तेथे शस्त्र बाळगू शकेल. टॉनी यांच्या दृष्टीने ही यादी म्हणजे अनर्थाचे चित्र होते. इतिहासाचा उपरोध असा की, नागरिकाला राज्याच्या सीमेपलीकडे काय काय नेता येते याचे इतके नेमके वर्णन करण्याचे काम, नागरिकत्व नाकारणाऱ्या लेखणीने केले.

यादवी युद्धानंतर गुलामगिरी संपली. संशय संपला नाही. मिसिसिपीने १८६५ साली कायदा केला की स्थानिक मंडळाच्या परवान्यावाचून मुक्त झालेल्या कृष्णवर्णीयाने बंदुक बाळगू नये. अशा कायद्यांना उत्तर म्हणून १८६८ साली घटनेची चौदावी दुरुस्ती आली. कायद्याच्या भाषेतून वर्णाचा उल्लेख गेला, आणि त्याची जागा हळूहळू अधिकाऱ्याच्या ‘स्वेच्छाधिकारा’ने घेतली. ‘योग्य व्यक्ती’ आणि ‘पुरेसे कारण’ ही त्याची दोन सोज्वळ नावे. जानेवारी १९५६ मध्ये अलाबामातील माँटगोमेरी येथे मार्टिन ल्यूथर किंग यांच्या घरावर बाँब टाकण्यात आला. त्यानंतर किंग यांनी अंगावर शस्त्र बाळगण्याच्या परवान्यासाठी अर्ज केला, तो स्थानिक अधिकाऱ्यांनी नामंजूर केला. ज्याच्या घरावर नुकताच बाँब पडला आहे त्याच्याहून ‘पुरेसे कारण’ दुसऱ्या कोणाकडे असणार होते?

उत्तरेकडची कथा वेगळी आहे, आणि साहित्याच्या अभ्यासकांनी ती आवर्जून लक्षात ठेवावी अशी आहे. २३ जानेवारी १९११ रोजी न्यूयॉर्कमधील ग्रॅमर्सी पार्कजवळ डेव्हिड ग्रॅहम फिलिप्स या कादंबरीकारावर भर दिवसा गोळ्या झाडण्यात आल्या. फिलिप्स हे नामांकित शोधपत्रकारही होते. अमेरिकी सिनेटमधील भ्रष्टाचारावरची त्यांची १९०६ सालची लेखमाला गाजली होती. परंतु त्यांना मारले ते कोणा राजकीय शत्रूने नव्हे. मेरिलँडमधील एका जुन्या घराण्यातल्या व्हायोलिनवादकाने, ‘या लेखकाने आपल्या कादंबरीतून आमच्या घराण्याची बदनामी केली’ या भ्रमातून त्यांचा जीव घेतला आणि लगेच स्वतःवरही गोळी झाडून घेतली. कल्पित पात्राला खरे माणूस समजण्याची इतकी भयंकर किंमत क्वचितच कोणी मोजली असेल. या हत्येने शहर हादरले, आणि त्याच वर्षी, टिमथी सलिव्हन या राजकारण्याच्या नावाने ओळखला जाणारा कायदा न्यूयॉर्कमध्ये संमत झाला. खिशात लपू शकेल असे शस्त्र बाळगण्यासाठी आता परवाना अनिवार्य झाला. १९१३ साली त्याला ‘योग्य कारण’ दाखवण्याची अट जोडली गेली. शहरातील हिंसाचाराची चिंता खरी होती. तशीच इटालियन स्थलांतरितांविषयीची अढीही खरी होती. या कायद्याखाली शिक्षा झालेल्या अगदी पहिल्यांपैकी एक जण इटालियन स्थलांतरित होता.

अशा रीतीने विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात वाटसरूच्या अपवादाची जागा परवान्याने घेतली. या बदलाचा अर्थ नीट समजून घेतला पाहिजे. अपवाद हा परिस्थितीला दिलेला असतो: तू वाटेवर आहेस, म्हणून तुला सूट. परवाना हा व्यक्तीला दिलेला असतो: आम्ही तुला ओळखतो, तुझ्याविषयी चौकशी केली आहे, म्हणून तुला मुभा. परवाना हे एका अर्थी चारित्र्याचे प्रशस्तिपत्र आहे. आणि प्रशस्तिपत्राची अडचण आपण सगळेच जाणतो: देणाऱ्याला ओळखणाऱ्यांपुढेच त्याला किंमत असते.

आपल्याकडे शस्त्रांचा कायदा केंद्राचा आहे. १९५९ चा अधिनियम देशभर एकच. परवाना कोणत्या क्षेत्रापुरता वैध आहे हे त्या परवान्यावरच नमूद असते, आणि त्यावरचा वाद प्रशासकीय पातळीवर राहतो. अमेरिकेत सर्वसामान्य नागरिकासाठी असा केंद्रीय परवानाच नाही. प्रत्येक राज्य आपापला परवाना देते, आपापल्या अटींवर. काही राज्ये इतर सर्व राज्यांचे परवाने मानतात. काही निवडक राज्यांचेच मानतात. न्यूयॉर्क, न्यू जर्सी, कॅलिफोर्निया यांसारखी राज्ये परराज्यातला कोणताच परवाना मानत नाहीत. परवाना मानला गेला तरी नियम मात्र यजमान राज्याचे लागू होतात. कोणत्या जागी शस्त्र नेऊ नये, पोलिसाने थांबवल्यास आपण होऊन सांगावे की नाही, हे सारे सीमेगणिक बदलते. इलिनॉयमध्ये परवान्यासाठी सोळा तासांचे प्रशिक्षण लागते. अनेक राज्यांत मुळात परवानाच लागत नाही.

येथे एक प्रश्न स्वाभाविकपणे उभा राहतो. वाहन चालवण्याचा परवाना देशभर चालतो, मग हा का नाही? या युक्तिवादाचे आकर्षण मोठे आहे, पण तो वाटतो तितका पक्का नाही. एका राज्याच्या कायद्यांचा, नोंदींचा आणि न्यायालयीन निवाड्यांचा इतर राज्यांनी मान राखावा, असे अमेरिकेच्या घटनेचे चौथे कलम सांगते खरे. परंतु परवान्यांना ते सहसा लागू केले जात नाही. वाहनपरवाना सर्वत्र चालतो तो राज्यांनी आपल्या कायद्यांनी आणि आपसांतील सामंजस्याने तसे ठरवले म्हणून. वकिलीची सनद मात्र सीमेवर थांबते, आणि त्याला कोणी अन्याय म्हणत नाही. तेव्हा शस्त्राचा परवाना वाहनाच्या परवान्यासारखा आहे की वकिलीच्या सनदेसारखा, हाच खरा वाद आहे. पहिल्यात आपण माणसाच्या कौशल्यावर विश्वास ठेवतो, दुसऱ्यात त्याच्या स्थानिक ज्ञानावर आणि जबाबदारीवर.

सामंजस्य हा पायाही किती डळमळीत असतो हे व्हर्जिनियाने दाखवले. डिसेंबर २०१५ मध्ये त्या राज्याच्या महाधिवक्त्यांनी पंचवीस राज्यांच्या परवान्यांची मान्यता काढून घेत असल्याचे जाहीर केले. पुढच्याच महिन्यात राज्यपाल आणि विरोधी पक्ष यांच्यात तडजोड होऊन तो निर्णय फिरला. खिशातला कागद तोच राहिला, त्याचा अर्थ मात्र महिनाभरात दोनदा बदलला.

सीमेवर प्रत्यक्षात काय घडते ते पाहण्यासाठी दोन प्रकरणे पुरेशी आहेत. संघराज्याच्या संसदेने १९८६ साली शस्त्रधारक प्रवाशांसाठी एक संरक्षक तरतूद केली. जेथून निघालो आणि जेथे पोहोचायचे आहे त्या दोन्ही ठिकाणी शस्त्र बाळगणे कायदेशीर असेल, शस्त्र रिकामे असेल आणि हाताशी नसेल, तर मधल्या राज्यांतून ते नेता येते. म्हणजे वाटसरूचा जुना अपवाद परत आला. पण शस्त्र कुलूपबंद करून. २००५ साली यूटामधून पेन्सिल्व्हेनियाला निघालेल्या एका प्रवाशाचे पुढचे विमान न्यू जर्सीतील न्यूअर्कला चुकले. सामान घेऊन त्याला रात्र तेथल्या हॉटेलात काढावी लागली. सकाळी विमानतळावर त्याने नियमाप्रमाणे आपले शस्त्र जाहीर केले, आणि त्याला अटक झाली. त्याने दाद मागितली तेव्हा २०१० साली अपील न्यायालयाने सांगितले की त्या रात्री हॉटेलात ते शस्त्र त्याच्या हाताशी होते, त्यामुळे १९८६च्या कायद्याचे छत्र त्याच्यावर राहिले नाही. एकोणिसाव्या शतकातील न्यायाधीशाने ज्याला निःसंशय प्रवासी म्हटले असते, तो एका रात्रीच्या मुक्कामाने प्रवासी राहिला नाही.

दुसरे प्रकरण अधिक बोलके आहे. फिलाडेल्फिया शहर डेलावेअर नदीच्या एका काठावर, पेन्सिल्व्हेनियात. पलीकडचा काठ न्यू जर्सीचा. २०१३ साली फिलाडेल्फियातील एक तरुण कृष्णवर्णीय आई न्यू जर्सीत गाडी चालवत असताना पोलिसांनी तिला थांबवले. आपल्याजवळ पिस्तूल आहे आणि पेन्सिल्व्हेनियाचा परवानाही आहे, हे तिने आपण होऊन सांगितले. तो परवाना पूल ओलांडताच निरर्थक झाला होता, हे तिला ठाऊक नव्हते. तिच्यापुढे किमान साडेतीन वर्षांच्या सक्तीच्या तुरुंगवासाचे संकट उभे राहिले. पुष्कळ गदारोळानंतर २०१४ साली सरकार पक्ष नरमला, आणि २०१५ साली राज्यपाल ख्रिस ख्रिस्टी यांनी तिला माफी दिली. तिला अडकवले ते तिच्या प्रामाणिकपणाने. टॉनी यांच्या यादीतील प्रत्येक गोष्ट आता तिला कागदोपत्री मिळालेली होती. तिने तिच्यातील दोन एकाच वेळी वापरल्या, सीमा ओलांडली आणि शस्त्र बरोबर नेले, आणि ती आरोपी झाली.

यावर उपाय म्हणून देशव्यापी परस्परमान्यतेचा कायदा करावा, अशी मागणी अनेक वर्षे होत आहे. २००४ साली सेवेतील आणि निवृत्त पोलिसांना तशी मुभा मिळाली. सामान्य परवानाधारकांसाठीचा प्रस्ताव २००९ साली सिनेटमध्ये ५८ विरुद्ध ३९ मते मिळूनही आवश्यक साठ मतांअभावी पडला. डिसेंबर २०१७ मध्ये प्रतिनिधीगृहाने असे विधेयक २३१ विरुद्ध १९८ मतांनी संमत केले. सिनेटने ते पुढे नेले नाही. २०२५ साली ते पुन्हा मांडले गेले. या वादात पक्षांनी एकमेकांचे कपडे घातलेले दिसतात. एरवी राज्यांच्या स्वायत्ततेचा घोष करणारे येथे केंद्राची सत्ता मागतात. आणि एरवी हक्क देशभर समान असावेत म्हणणारे येथे राज्याच्या सीमेआड उभे राहतात. विरोधकांची भीती अनाठायी नाही. सर्वांत सैल राज्याचा नियम मग सर्वांचा नियम होईल आणि दाट वस्तीच्या शहराला आपल्या रस्त्यांविषयी काही ठरवताच येणार नाही.

जून २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने न्यूयॉर्कची ती १९१३ पासूनची ‘योग्य कारणा’ची अट घटनाबाह्य ठरवली. न्यायमूर्ती क्लॅरेन्स टॉमस यांनी लिहिलेल्या त्या निकालपत्रात टॉनी यांच्या यादीचा दाखला आहे. जे भीती म्हणून लिहिले गेले होते, ते आता हक्काचा पुरावा म्हणून वाचले गेले. एकाच मजकुराचे दोन काळांत दोन परस्परविरुद्ध अर्थ कसे होतात, याचे याहून लख्ख उदाहरण साहित्याच्या वर्गातही सापडणे कठीण. तरीही एका राज्याचा परवाना दुसऱ्याने मानलाच पाहिजे, असे हा निकाल म्हणत नाही. २०२४ पर्यंत एकोणतीस राज्यांनी परवान्याची अटच काढून टाकली होती. तेथील लोक आजही परवाना काढतात, तो बहुधा परराज्यात उपयोगी पडावा म्हणून. व्हरमाँटची तऱ्हा याहून न्यारी. त्या राज्याने असा परवाना कधी दिलाच नाही; त्यामुळे घरी पूर्ण मोकळा असलेला तेथील माणूस परराज्यात दाखवायला कागद नाही म्हणून अडतो, आणि मग दुसऱ्याच एखाद्या राज्याचा परवाना मिळवतो.

आमच्या मते या गुंत्यात एक वाट मार्च २०२५ मध्ये मॅसॅच्युसेट्सच्या सर्वोच्च न्यायालयाने दाखवली. शेजारच्या न्यू हॅम्पशायरमधील दोन रहिवाशांची प्रकरणे त्याच्यापुढे होती. परराज्यातील माणसाला परवाना देणे न देणे अधिकाऱ्याच्या मर्जीवर सोडणारा जुना नियम न्यायालयाने अवैध ठरवला. परंतु अटी पूर्ण करणाऱ्याला परवाना दिलाच पाहिजे असे सांगणारा नवा नियम मात्र वैध मानला. म्हणजे घराचे नियम घरमालकाचे. पण पाहुण्यासाठी दार असलेच पाहिजे, आणि ते उघडणे द्वारपालाच्या लहरीवर नसावे. राज्याचा अधिकार आणि परक्याचा मान या दोहोंची बूज राखणारा हा विचार आहे. त्याने त्या फिलाडेल्फियाच्या आईचा प्रश्न पूर्ण सुटत नाही, कारण दार आहे हे आधी ठाऊक असावे लागते. अजाणतेपणी सीमा ओलांडणाऱ्याला वर्षानुवर्षांचा तुरुंग दाखवणारा कायदा त्याबरोबर सौम्य व्हायला हवा.

केंटकीच्या त्या जुन्या कायद्याने गुप्ती बाळगणाऱ्या अनोळखी माणसाला विचारले होते, ‘तू वाटेवर आहेस काय?’ आजचा कायदा विचारतो, ‘तुला कोण ओळखतो?’ पहिल्या प्रश्नाचे उत्तर वाटसरू स्वतः देऊ शकत होता. दुसऱ्याचे उत्तर त्याच्या खिशातल्या कागदाने द्यायचे असते, आणि तो कागद पुलाच्या पलीकडे वाचला जाईलच याची हमी कोणी देत नाही.